सत्त्याऐंशी सालचा हजेरीपट

१

सत्त्याऐंशी सालचा हजेरीपट कार्यालयातून नाहीसा झाला, ही बातमी बायडाबाई धायरीहून दोन बस बदलून माझ्याकडे घेऊन आल्या. कर्वेनगरातलं माझं घर तिसऱ्या मजल्यावर आहे. त्या वर येऊन आधी पाणी प्यायल्या, मग म्हणाल्या, "दत्तोबादादा, माझं एकच वर्ष कामाचं व्हतं, त्येच गेलं बघा."

बायडाबाई पाटबंधाऱ्याच्या एका उपविभागात पाणी मोजण्याच्या कामावर आहेत. कार्यालयाचं नाव लिहीत नाही. लिहिलं तर तिथली माणसं अब्रू गेली म्हणतील, आणि मग ती कुठे होती हे दाखवायला त्यांना आणखी एक समिती नेमावी लागेल. नदीतल्या खांबावरचा आकडा वाचायचा आणि वहीत लिहायचा, हे काम बायडाबाईंनी बावीस वर्षं केलं. बावीस वर्षं रोजंदारीवर. कायम व्हायचं तर कुठल्याही एका वर्षात दोनशे चाळीस दिवस हजेरी दाखवावी लागते, म्हणून कार्यालय दर वर्षी बरोबर दोनशे दिवसांच्या आसपास त्यांना घरी बसवायचं. याला तिथे 'खंड देणे' म्हणतात. सत्त्याऐंशी साली नव्या कालव्याची मोजणी चालू होती. त्या गडबडीत साहेब लोक खंड द्यायला विसरले. बावीस वर्षांत त्यांच्या हातून झालेलं तेवढंच एक चांगलं काम, आणि तेही चुकून.

औद्योगिक न्यायालयात दावा चालू होता. शुक्रवारी, चोवीस नोव्हेंबरला, तो हजेरीपट हजर करायचा होता. तीस नोव्हेंबरला बायडाबाई साठ वर्षांच्या होणार होत्या. त्याआधी कायम झाल्या तर निवृत्तिवेतन. नाही झाल्या तर एक नारळ, आणि कार्यालयाला आठवण राहिली तर एक शाल.

"मी काय करणार?" मी म्हणालो. "मी कारखान्यात तपासणी खात्यात होतो. सुटे भाग मोजायचो."

"बाई असत्या तर त्यांनी हुडकलं असतं," त्या म्हणाल्या. "बाई न्हाईत. तुमी हाय."

बाई म्हणजे माझी बायको, सरोजिनी. त्याच कार्यालयात ती मुख्य लिपिक होती. तिला जाऊन चौदा महिने झाले. शेवटच्या आठवड्यात दवाखान्यात बायडाबाई तिच्या उशाशी बसायच्या, मी पायाशी. तेव्हा मला नाही म्हणता आलं नाही.

बायडाबाई जिना उतरताना थांबल्या आणि म्हणाल्या, "आन् दादा, त्यांनी हुसेनभाईला नोटीस दिलीया. चोर म्हनून."

२

हुसेन त्या कार्यालयातला शिपाई. नाना पेठेत राहतो, अठ्ठावीस वर्षं नोकरी. सरोजिनीला डबा उशिरा खायची सवय होती, तो ठरल्या वेळेला टेबलाशी येऊन उभा राहायचा आणि ती डबा उघडेपर्यंत हलायचा नाही. मी कार्यालयात गेलो तेव्हा त्यानेच मला दारात गाठलं.

"भाऊसाहेब, किल्ली माझ्याकडे असते म्हणून चोर मी," तो म्हणाला. "अहो, अठ्ठावीस वर्षं किल्ली माझ्याकडेच आहे. चोरायचंच असतं तर मी काहीतरी विकण्यासारखं चोरलं असतं. हजेरीपट कोण घेतो?"

"शेवटचा कुठे पाहिलास?"

"चार तारखेला यज्ञेश्वरसाहेबांनी रेकॉर्डमधून मागवला. सहाला मोठ्या साहेबांकडे गेला. सातला साहेबांनी रजिस्टरला लिहिलं, 'खाली पाठविला'. खाली म्हणजे हॉलमध्ये. हॉलमध्ये कोणी म्हणत नाही की माझ्याकडे आला."

"खाली आणला कोणी?"

"सातला साहेबांकडची डाक मी आणली. रोजच आणतो. कागद असतात, पाकिटं असतात. ज्याचं नाव त्याच्या टेबलावर ठेवतो. हजेरीपट असा उघडा मी हातात घेतला नाही, अल्लाशपथ."

मी हॉलमध्ये गेलो. चौदा महिन्यांनी पहिल्यांदाच. दोन रांगा, खिडकीकडे एक आणि भिंतीकडे एक. भिंतीकडच्या रांगेत दारापासून तिसऱ्या टेबलावर फुलाफुलांचं प्लॅस्टिक घातलेलं होतं. त्या बाजूला मी पाहिलं नाही. मी सरळ यज्ञेश्वर पानशांच्या समोर जाऊन बसलो.

यज्ञेश्वर पानसे वरिष्ठ लिपिक आहेत. टेबलावरचा रूळ, शाई आणि टाचण्या ते एका रेषेत ठेवतात आणि कोणी हलवल्या तर तोंडी ताकीद देतात.

"बसा म्हणालो नव्हतो," ते म्हणाले. "पण बसलाच आहात."

"हजेरीपट तुम्ही मागवला होता."

"मागवला, तपासला, सादर केला. एकशे चौऱ्याण्णव पानं. तशी टिप्पणी आहे."

"बायडाबाईंचे दिवस किती भरले?"

"दिवस मोजा असा आदेश नव्हता. हजेरीपट तपासा असा होता. मी पानं मोजली."

मला वाटलं ते थट्टा करताहेत. ते थट्टा करत नव्हते.

"मग तो गेला कुठे?"

त्यांनी मान न वळवता डोळ्यांनीच पलीकडचं टेबल दाखवलं. "विचारा त्यांना. हजेरीपट हरवला तर ठपका माझ्या सेवापुस्तकात येणार. मला ठपका आला तर मुख्य लिपिक कोण होणार? मी अकरा दिवसांनी ज्येष्ठ आहे, महाशय. अकरा! ते कोणाला सहन होत नाही, ते मी काय सांगू?"

३

पलीकडच्या टेबलावर शालू चाकणकर होत्या. त्यांनी सगळं ऐकलं होतं. ते ऐकू यावं एवढ्याच आवाजात पानसे बोलले होते.

"अकरा दिवस," शालूबाई म्हणाल्या. "अकरा दिवस आधी लागले आणि खात्याची परीक्षा तिसऱ्या खेपेला पास झाले. मी पहिल्या खेपेला. नियमाप्रमाणे ज्येष्ठता परीक्षेपासून धरतात. पण ज्यांना पानं आणि दिवस यातला फरक कळत नाही, त्यांना नियम काय कळणार?"

"माझं नाव न घेता बोला," पलीकडून पानसे म्हणाले.

"तुमचं नाव कोणी घेतलं? स्वतःला ओळखलंत, एवढं पुरे."

सरोजिनी गेल्याच्या तिसऱ्या दिवशी, म्हणजे मी अस्थी घेऊन आळंदीला गेलो होतो त्या दिवशी, या दोघांनी तिच्या जागेसाठी अर्ज दिले होते. महिन्याभरात दोघेही न्यायाधिकरणात गेले. तिथून 'जैसे थे'चा हुकूम आला: निकाल लागेपर्यंत मुख्य लिपिकाचा कार्यभार या दोघांपैकी कोणीही घ्यायचा नाही. तेव्हापासून दोघं एकमेकांवर डोळा ठेवून बसली आहेत. एकाने मुख्य लिपिकाचा साधा शिक्का जरी उचलला, तरी दुसरा वकिलाकडे धावणार. पगार दोघांचा चालू आहे.

"शालूबाई, हजेरीपट तुमच्याकडे आला होता का?"

"नाही. तसा दाखला दिलाय. साहेबांनी लेखी आदेश काढला, प्रत्येकाने आपापलं टेबल आणि कपाट तपासा आणि सदर हजेरीपट नसल्याचा दाखला द्या. सगळ्यांनी दिला."

"दुसऱ्याचं टेबल कोणी पाहिलं?"

त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, की जणू मी दुसऱ्याच्या घरात शिरून न्हाणीघर पाहायला सांगितलं. "दुसऱ्याच्या टेबलाला आम्ही हात लावत नाही. उद्या काही कमीजास्त झालं तर जबाबदार कोण?"

इतक्यात आतून साहेबांचं बोलावणं आलं.

शरच्चंद्र हिरवे, उपविभागीय अधिकारी. माणूस गोड. सरोजिनीच्या अंत्यविधीला वैकुंठात आले होते. चार मिनिटं थांबले आणि घड्याळाकडे पाहिलं नाही, हे मी तेव्हा मोठेपण समजलो होतो.

"दत्तोबाराव, आपण सरोजिनीबाईंच्या वस्तूंसाठी आला असाल," ते म्हणाले.

खरं म्हणजे त्यासाठी मी चार अर्ज केले होते. तिचा चष्मा आणि वही टेबलाच्या खणात राहिली होती. चारही वेळा उत्तर आलं होतं: कार्यभार हस्तांतरित न झाल्याने खण उघडता येत नाही.

"नाही," मी म्हणालो. "हजेरीपटासाठी आलोय."

"अरेरे. फार वाईट झालं. आम्ही सर्वतोपरी शोध घेतला. न्यायालयालाही कळवलं की उपलब्ध होऊ शकत नाही. त्या बाईंबद्दल मला व्यक्तिशः फार वाटतं."

"पोलिसांत तक्रार दिली?"

ते हसले. "घरातली गोष्ट घरात राहिलेली बरी. हुसेनला नोटीस दिली आहे, तेवढं पुरे."

ज्याच्या नोकरीवर गदा आणायला हे निघाले होते, तो हुसेन त्याच वेळी माझ्यासमोर चहा ठेवत होता. साहेबांनी त्याला साखर कमी आहे म्हणून सांगितलं.

४

बायडाबाईंच्या वकीलबाईंनी मला न्यायालयात आलेल्या कागदांच्या प्रती दिल्या. बुधवारी संध्याकाळी मी त्या जेवणाच्या टेबलावर मांडल्या. या टेबलाला दोन खुर्च्या आहेत. दुसरीवर मी कागद ठेवतो.

पहिला कागद: दोन वर्षांपूर्वी हिरवे साहेबांनी केलेलं शपथपत्र. 'कोणत्याही रोजंदारी कर्मचाऱ्याची कोणत्याही वर्षातील हजेरी दोनशे दिवसांपेक्षा जास्त नाही.'

दुसरा: सत्त्याऐंशीच्या मोजणीवर कोण कोण होतं त्याची यादी. कनिष्ठ अभियंता म्हणून नाव होतं श. हिरवे. म्हणजे त्या हजेरीपटाच्या पानापानावर खाली सही त्यांचीच. विसरलेला खंड यांच्याच हातचा. हजेरीपट न्यायालयात आला की यांची शपथ खोटी पडते, आणि डिसेंबरात त्यांची बढती होती.

कारण तर सापडलं. पण कारण असलेला माणूस काय करेल? मी विचार केला. फाडेल? जाळेल? नाही. सरकारी माणूस कागद फाडत नाही. फाडणं हा गुन्हा आहे, त्याला कलम आहे. घरी नेणंही गुन्हाच. हिरवे साहेब तर पोलिसांनाही बोलवायला तयार नव्हते. मग कागद कार्यालयातच होता. आणि कार्यालयात तर सगळ्यांनी शोधलं होतं.

तिसरा कागद होता दाखल्यांचा गठ्ठा. 'माझ्या टेबलावर व कपाटात सदर हजेरीपट आढळून आला नाही.' मी ते मोजले, सवयीने. कारखान्यात खोक्यावर लिहिलेला आकडा आम्ही कधी खरा धरायचो नाही. सुटे भाग बाहेर काढून मोजायचे, हा पहिला धडा. रेकॉर्ड खोलीचा दाखला एक, हुसेनचा. टेबलांचे दाखले आठ.

मग मी डोळे मिटून हॉल मोजला. खिडकीकडे पाच टेबलं. भिंतीकडे दारापासून एक, दोन...

दोनच्या पुढे मोजणी अडली. तिसऱ्या टेबलाकडे मी त्या दिवशी पाहिलंच नव्हतं. त्याच्यापुढे चौथं होतं, पानशांचं. पाच आणि चार, नऊ.

टेबलं नऊ, दाखले आठ.

नवव्या टेबलाचा दाखला देणारी बाई चौदा महिन्यांपूर्वी वारली होती. आणि 'आपापलं टेबल तपासा' असा आदेश काढणाऱ्याला हे चांगलं माहीत होतं. पानसे त्याला हात लावणार नाहीत, शालूबाई लावणार नाहीत, कारण लावला तर कार्यभार घेतल्यासारखं होईल. बाकीचे लावणार नाहीत, कारण ते त्यांचं टेबल नाही. आणि मी बघणार नाही. हे त्यांना माहीत असण्याचं कारण नव्हतं, पण तेही त्यांच्या पथ्यावर पडलं.

सकाळी मी हुसेनच्या शेजारच्या दुकानात फोन केला. "हुसेनभाई, मुख्य लिपिकाच्या नावाने डाक आली तर तू काय करतोस?"

"बाईंच्या टेबलावर ठेवतो, भाऊसाहेब. प्लॅस्टिकखाली. चौदा महिने ठेवतोय. नाव आहे तिथे ठेवणं माझं काम."

"सात तारखेला मोठं पाकीट होतं?"



"या अल्ला," हुसेन म्हणाला. "होतं. लाख लावलेलं. आतलं मला काय माहीत? आणि मला कोणी विचारलंच नाही."

५

गुरुवारी अकरा वाजता मी वकीलबाईंना आणि बायडाबाईंना घेऊन हॉलमध्ये गेलो. हातात पाचवा अर्ज आणि वारस दाखला. साहेबांना बाहेर बोलावलं. ते आले, टेबलाकडे एकदा पाहिलं आणि गोड हसले.

"दत्तोबाराव, कार्यभार झाल्याशिवाय..."

"मला कार्यभार नको. मला माझ्या बायकोचा चष्मा हवा."

"पण नियमाप्रमाणे..."

"पानसे," मी म्हणालो, "मी हे प्लॅस्टिक उचललं तर तुमची ज्येष्ठता जाते का?"

पानशांनी विचार केला. "आपण ज्येष्ठता यादीत नाही. माझी हरकत नाही."

"शालूबाई?"

"माझीही नाही. लिहून घ्या, आधी त्यांनी संमती दिली, मग मी."

चौदा महिन्यांत त्या दोघांचं पहिल्यांदाच एकमत झालं होतं, आणि ते का झालं हे दोघांनाही कळलं नव्हतं.

मी प्लॅस्टिक उचललं. खाली वीतभर कागद साचलेले होते. रजेचे अर्ज, बदलीचे अर्ज, गेल्या पावसाळ्यात गळणाऱ्या छपराबद्दलची तीन पत्रं, त्यातलं एक ओलं होऊन वाळलेलं. माझे चार अर्जही तिथेच होते, 'मु.लि., अभिप्राय द्यावा' असा शेरा मारलेले. म्हणजे सरोजिनीच्या वस्तू मला द्याव्यात का, हे या लोकांनी सरोजिनीला विचारलं होतं. चार वेळा.

मधोमध लाखेचं पाकीट होतं. वकीलबाईंनी सगळ्यांसमोर फोडलं. सत्त्याऐंशी सालचा हजेरीपट. वर चिठ्ठी, हिरव्या शाईत: 'मुख्य लिपिक, तपासून सादर करावे.' खाली सही आणि तारीख, सात नोव्हेंबर.

बायडाबाईंनी हात जोडले. हजेरीपटाला, साहेबांना नाही.

साहेबांचा चेहरा पडला नाही. अशा माणसांचा पडत नाही. "बघा, मी रीतसर पाठवला होता," ते म्हणाले. "तपासणी मुख्य लिपिकाचंच काम. तपासून आला की लगेच हजर करणार होतो."

"तिला जाऊन तेव्हा चौदा महिने झाले होते," मी म्हणालो. "तुम्ही वैकुंठात आला होतात, साहेब."

"मी पदाला पाठवला. व्यक्तीला नाही."

हॉलमध्ये सगळ्यांच्या माना खाली गेल्या. मला वाटलं, लाजेने. मग पाहिलं तर पानसे आपल्या वहीत काहीतरी लिहून घेत होते. वाक्य त्यांना आवडलं होतं.

"आणि हुसेनला नोटीस कशाची दिलीत? तुम्हीच पाठवलेलं पाकीट त्याने नावाप्रमाणे टेबलावर ठेवलं, त्याची?"

"ते प्रकरण वेगळं आहे," साहेब म्हणाले. "आणि सत्त्याऐंशीत कोणाचे किती दिवस होते हे मला कसं आठवणार? मला काही कल्पना नव्हती."

मी खण उघडला. चष्मा होता, काडीला दोरा गुंडाळलेला. मीच गुंडाळला होता. त्याखाली तिची वही. शेवटच्या पानावर तिचं अक्षर, आजारपणात वाकडं झालेलं:

'बायडाबाई, ८७ साल. दिवस मोजले. २७१. साहेबांना दाखवले. म्हणाले, राहू द्या. हजेरीपट परत रेकॉर्डला ठेवला. बरी झाले की पुन्हा काढायचा.'

मी ते मोठ्याने वाचायला लागलो. मध्येच वकीलबाईंनी वही घेतली आणि उरलेलं त्यांनी वाचलं. तारीख तिच्या शेवटच्या ऑगस्टची होती.

तेव्हा मात्र साहेबांनी घड्याळाकडे पाहिलं.

६

शुक्रवारी न्यायाधीशांनी स्वतः दिवस मोजले. दोनशे एकाहत्तर. सोमवारी हुकूम झाला. कार्यालयाने तो बुधवारी संध्याकाळी बायडाबाईंच्या हातात दिला, आणि गुरुवारी, तीस तारखेला, बायडाबाईंनी बावीस वर्षांत पहिल्यांदा कायम कर्मचाऱ्यांच्या हजेरीपटावर सही केली. एका दिवसाच्या कायम कर्मचारी. तरी सकाळी नदीवर जाऊन त्यांनी आकडा वाचून आणलाच.

"आज कशाला गेलात?" मी विचारलं.

"आज तर हक्कानं गेले, दादा," त्या म्हणाल्या. "रोज भ्यायची, कवा घरी बसवत्यात म्हनून."

संध्याकाळी त्यांना नारळ मिळाला, शालही मिळाली. भाषण हिरवे साहेबांनी केलं. बायडाबाईंना न्याय मिळवून देण्यात कार्यालयाने कसर ठेवली नाही, असं ते म्हणाले. त्यांची चौकशी होणार असल्याचं ऐकतो. बढती मात्र पंधरा डिसेंबरला झाली. चौकशीचा कागद ज्येष्ठतेच्या आड येत नाही म्हणे.

चष्मा मी घरी आणला. दुसऱ्या खुर्चीसमोर ठेवला आहे. कागद आता मी दुसरीकडे ठेवतो.

काल हुसेन आला होता. त्याची नोटीस मागे घ्यायचं ठरलं आहे, तसा कागदही तयार झाला आहे. कार्यपद्धतीप्रमाणे त्यावर मुख्य लिपिकाचा अभिप्राय लागतो, म्हणून साहेबांनी जाता जाता तो मुख्य लिपिकाकडे पाठवला. हुसेननेच नेऊन ठेवला. स्वतःच्या सुटकेचा कागद, स्वतःच्या हाताने, प्लॅस्टिकखाली.

"काय करू, भाऊसाहेब? नाव होतं तिथे ठेवला."

"बरोबर केलंस," मी म्हणालो.

आज सकाळी मी सहावा अर्ज दिला. सरोजिनीची छत्री तिच्या टेबलापाशी राहिली आहे, वारस या नात्याने ती वकिलांसमक्ष शोधून ताब्यात घेण्याची परवानगी मिळावी. पानशांची हरकत नाही, शालूबाईंचीही नाही, दोघांच्या सह्या घेतल्या आहेत.

छत्री घरी दारामागे टांगलेली आहे. पण हे तपासायला त्यांना कोणाच्या तरी टेबलाला हात लावावा लागेल.